ओटल्याचं समाधान

आमचा ओटला कोणत्या कोर्टाच्या हद्दीत येतो, हे दोन वर्षं ठरत नव्हतं. त्यावर रोज बसणाऱ्या दोघी तेवढा काळ आपापल्या स्वयंपाकघरात बसून होत्या.

ओटला म्हणजे घराबाहेरचा बसायचा कट्टा. बडोद्याच्या फतेगंजमधल्या आमच्या सोसायटीत घरं एकमेकांना चिकटून आहेत. आमच्या आणि जगदेवरावांच्या मागच्या दारांपुढे एकच लांब ओटला आहे. त्यावर माझी बायको कुसुमावती आणि जगदेवरावांच्या कमलाताई लग्न होऊन आल्यापासून दुपारचा चहा घेत. कमलाताईंचे गुडघे गेले, पुढच्या दाराच्या पायऱ्या उतरणं बंद झालं, तेव्हा हा ओटला म्हणजे त्यांचं सगळं बाहेरचं जग उरलं.

जगदेवरावांचे पूर्वज संस्थानच्या फौजेत होते आणि जगदेवराव अजून पहाऱ्यावर आहेत. माकडं आमच्या चिंचेवरून येतात म्हणून त्यांनी ओटल्याच्या मधोमध छतापर्यंत लोखंडी जाळी ठोकली. माकडं त्याच जाळीला धरून वर चढू लागली. मी हसलो, ते तडकले. ओटला आपला एकट्याचा आहे असं ते म्हणाले आणि मग मीही इरेला पेटलो.

"कोर्टबिर्ट नको हो," कुसुम म्हणाली. "चहा जाळीतून पिऊ."

कप जाळीतून जात नव्हता, म्हणून या दोघी पोळी गुंडाळून एकमेकींना देत होत्या. पण घर कुसुमच्या नावावर, तेव्हा दावाही तिच्याच नावाने मी लावला. आमची पुतणी मोहना वकील आहे. तिने बजावलं, "काका, निकाल लागेपर्यंत ओटल्यावर कोणी पाऊल टाकायचं नाही." झालं. पोळीही बंद झाली.

दिवाणी कोर्टात जगदेवरावांचा वकील म्हणाला, दोघंही सोसायटीचे सभासद, हा तंटा सहकारी संस्थांच्या कोर्टाचा. ते मानलं गेलं. सहकारी कोर्टात गेलो, तर तोच वकील म्हणाला, दोन घरांमधला खासगी ओटला आहे, सोसायटीच्या कारभाराशी त्याचा संबंध काय? हा तंटा दिवाणी कोर्टाचा! मी जन्मभर मुलांना इतिहास शिकवला, पण असा गनिमी कावा पाहिला नव्हता. खरं सांगायचं तर मला मजा येऊ लागली होती. रात्रंदिवस कलमं घोकत होतो. कुसुम समोर बसून एकटीच चहा पीत असे, ते मला दिसत असूनही दिसत नव्हतं.

हद्दीच्या मुद्द्यावर सुनावणी होती त्या दिवशी आम्ही सगळे गेलो. कमलाताईंना खुर्चीसकट उचलून आणलं होतं. न्यायाधीश साहेब गुजराती, तरुण आणि अदबशीर. त्यांनी कुसुमला बसायला सांगितलं, पाणी मागवलं.

"बा, केटलां वरस थयां वडोदरामां?"

"बहु थयां, भाई. साताऱ्याहून परणीने आवी."

साहेब हसले. मग कागद उघडत त्यांनी विचारलं, "तो बा, समाधान छे?"

मी दचकलो. गुजरातीत समाधान म्हणजे तडजोड! कुसुमच्या कानाला मात्र ते मराठीतलं समाधान वाटलं. तिचा चेहरा खुलला.

"हो भाई, पूरं समाधान छे! देवाने सगळं दिलंय. अने कमलाबेन बाजूमां छे. आणखी शुं जोइए?"

मी तिला कोपराने ढोसलं. मोहना उठून उभी राहिली. साहेबांनी हाताने तिला थांबवलं आणि पुन्हा विचारलं, "पाकुं? कोई तकरार नथी?"

कुसुमने माझ्याकडे पाहिलं, मग कमलाताईंकडे. "नथी," ती म्हणाली. "मधली जाळी काढी नाखो, बस."

साहेब जगदेवरावांकडे वळले. त्यांचा वकील काही बोलणार, तोच कमलाताईंनी नवऱ्याकडे नुसतं पाहिलं. जगदेवरावांनी घसा खाकरला.

"वहिनींचं समाधान असेल तर आमचंही आहे. जाळी काढतो," ते मराठीतच म्हणाले.

"समाधान थयुं," साहेबांनी लिहून घ्यायला सांगितलं. "हवे हकूमतनो सवाल ज नथी रहेतो."

म्हणजे कोर्ट कोणाचं हा प्रश्नच संपला. माझी पाठ केलेली कलमं तोंडातच राहिली.

दुसऱ्या दिवशी जगदेवरावांनी जाळी उखडली. ती आता आमच्या दोडक्याच्या वेलाला लावली आहे. दुपारी दोघी ओटल्यावर बसल्या आणि कमलाताईंच्या हसण्याचा आवाज घरात आला. तो मी दोन वर्षांत ऐकला नव्हता. मला फार बरं वाटलं आणि स्वतःचा रागही आला.

मी दारात जाऊन कुसुमला म्हटलं, "अगं, साहेब तडजोडीचं विचारत होते. तुला कळलंच नाही."

"पहिल्यांदा नाही कळलं," ती बशीत चहा ओतत म्हणाली. "तुम्ही कोपर मारलंत तेव्हा कळलं."

"मग शब्द फिरवला का नाहीस?"

"दावा माझ्या नावाने होता ना?" ती म्हणाली. "जा, जगदेवभावजींना हाक मारा. आणि येताना तुमच्या दोघांच्या खुर्च्या आणा. ओटल्यावर जागा नाही."

मी खुर्च्या आणल्या.