हात पाठीमागे

घडीघरात बूट चालत नसत. कर्नल असो की स्वयंपाकी, दाराबाहेरच्या फळीवर पादत्राणे ठेवून मोज्यांनिशी आत यायचे. आणि आत आल्यावर माणसाचा आवाज आपोआप एक पट्टी खाली उतरायचा. चाळीस फूट लांबीची सहा टेबले, त्यांवर पसरलेली पॅराशूटची फिकट हिरवी कापडे आणि उंच खिडक्यांतून येऊन त्या कापडांवर निजलेला उजेड. नव्याने भरती झालेल्या एखाद्या जवानाला वाटे, इथे आभाळाच्या घड्या घालतात. मोठ्या बाईंना तसले काही वाटत नसे. दोरीवर दोरी चढू नये, एवढेच त्यांचे आभाळाकडे मागणे होते.

बावीस वर्षे त्या या विशेष तुकडीसाठी पॅराशूटच्या घड्या घालत आल्या होत्या; गेली सात वर्षे घडीघराच्या प्रमुख होत्या. तुकडीतली माणसे अशी की गोठत्या पाण्यात मैलभर पोहावीत, एका झुडपाआड तीन-तीन दिवस अवाक्षर न काढता बसून राहावीत. पण घडीघराच्या दारात तीच माणसे शाळेला उशीर झालेल्या पोरांसारखी घुटमळत.

"बाई, यातलं माझं कुठलं?"

"मिळेल ते तुझं. मुलगी बघायला आलायस का?"

असे उत्तर मिळाले की त्यांचा जीव भांड्यात पडे. बाई चिडल्या आहेत, म्हणजे सगळे ठीक आहे.

शेजारच्या टेबलावर त्यांची सून काम करी. मुलगा नौदलात, पाणबुडीवर. चार-चार महिने त्याचा पत्ता म्हणजे नुसता समुद्र. "एक पाण्याखाली, दोघी हवेच्या धंद्यात, जमिनीवर आमच्या घरचं कोणी राहतच नाही," असे सून हसत सांगे. दोन वर्षांपूर्वी ती रीतसर परीक्षा देऊन, पहिल्या क्रमांकाने इथे आली होती, आणि हे मोठ्या बाई येणाऱ्याजाणाऱ्याला अभिमानाने ऐकवत. तरीही घरी सुनेने फोडणी दिलेली भाजी स्वतः एकदा ढवळल्याशिवाय, तिने वाळत घातलेली चादर स्वतः एकदा ओढून सारखी केल्याशिवाय त्यांच्या जिवाला चैन पडत नसे. सून बघे, गप्प राहे. घरी 'आई', घडीघरात 'बाई': ही रेघ तिने पहिल्या दिवसापासून सांभाळली होती.

घडीघराचे दोन नियम कागदावर नव्हते, अंगवळणी होते. भिंतीवर एक काळी फळी होती. प्रत्येक अवजाराची पांढरी बाह्याकृती तिच्यावर रंगवलेली. काम संपले की कात्री कात्रीच्या आकारात आणि आकडी आकडीच्या आकारात जाऊन बसायची. फळी भरली की प्रमुखांनी घंटा वाजवायची, आणि घंटा वाजल्याखेरीज एकही पॅराशूट उंबरा ओलांडत नसे. एक जरी आकार रिकामा राहिला, तर त्या दिवसाच्या सगळ्या घड्या मोडायच्या. दुसरा नियम तपासणीचा. एकीने घडी घालायची, दुसरीने पिशवी मिटण्याआधी ती तपासायची. आणि तपासताना हात पाठीमागे बांधून उभे राहायचे. डोळ्यांनी बघायचे, तोंडाने सांगायचे. चूक दिसली तर घडी घालणारीनेच ती उलगडून पुन्हा घालायची. एकाच घडीत दोघींचे हात गेले की जबाबदारी कोणाचीच उरत नाही. हा नियम मोठ्या बाईंनीच आणला होता.

त्या आठवड्यात दोन देशांचा संयुक्त सराव होता. एका परक्या मुलखातून ओलीस सोडवून आणण्याचे काम मिळाले आहे, असे धरून उभारलेले कृतिदल: समुद्रात जहाजे, धावपट्टीवर विमाने, आणि सगळ्यांच्या आधी आभाळातून उतरणार होते चौसष्ट जण, बत्तीस आपले आणि बत्तीस पाहुणे. अशा सरावांत एक जुनी रीत असते. पाहुण्यांनी यजमानांच्या पॅराशूटवर उडी घ्यायची. हस्तांदोलने पुष्कळ होतात, पण अनोळखी हातांनी घातलेल्या घडीवर जीव टाकणे ही खरी सलामी. उडी दुपारी चारला ठरली होती. मोठ्या बाईंकडे त्या दिवशी केवळ तपासणी होती, चौसष्टच्या चौसष्ट.

बाराला काम आटोपले. एकेक अवजार फळीवर जाऊ लागले, आणि सून थबकली.

"बाई, एक आकार रिकामा आहे."

वितभर लांबीची पोलादी आकडी, दोऱ्या रबराच्या कड्यांतून ओढून घेण्याची. प्रत्येकीच्या आकडीच्या मुठीला वेगळ्या रंगाचा दोरा गुंडाळलेला असे. गायब होता तो निळा. म्हणजे मोठ्या बाईंची स्वतःची आकडी.

टेबलांखाली पाहिले. एप्रनांचे खिसे उलटे केले. केराचा डबा जमिनीवर ओतला. सहाही जणी गुडघ्यांवर रांगत होत्या, आणि मोठ्या बाई आपली सकाळ मनात पुन्हा पुन्हा उलगडून बघत होत्या. आकडी त्यांनी सवयीने एप्रनच्या खिशात घातली होती, एवढे आठवत होते. त्यापुढे चौसष्ट वेळा तीच वाकणी, तीच नजर, तीच सही.

"पण बाई," सून हळूच म्हणाली, "आज तुम्ही घडी घातलीच नाहीत. नुसती तपासणी केलीत. मग ती आत जाईलच कशी?"

बिनतोड मुद्दा होता. आकडी कुठेतरी फटीत पडली असणार. खोलीच्या कोपऱ्यात मोठ्या बाईंचे कपाट होते, आणि कपाटात त्यांची पहिल्या वर्षीची जुनी आकडी. तीच लांबी, तसाच निळा दोरा, थोडासा विटलेला. ती फळीवर टांगायची, घंटेची दोरी ओढायची, की चारच्या ठोक्याला विमान उडाले असते. आणि घड्या मोडल्या तर? दोन देशांचे सेनाधिकारी, समुद्रात तिष्ठणारी जहाजे, आणि पाहुण्यांच्या तोंडी आयुष्यभर राहील असे एक वाक्य: यांच्या घडीघरात अवजारे हरवतात. बावीस वर्षांत त्यांच्या सहीकडे कोणी दुसऱ्यांदा बघितले नव्हते.

त्यांनी कपाट उघडले. जुनी आकडी हातात घेतली. ती थंडगार होती आणि तळव्यात अगदी ओळखीची बसली. इतकी ओळखीची, की बोटे आपोआप वळली आणि हवेतच एक अदृश्य दोरी ओढून मोकळी झाली.

मोठ्या बाई त्या बोटांकडे बघत राहिल्या. आपण काही केले नाही असे मन सांगत होते. पण ही बोटे मनाला विचारून कुठे वागत होती?

जुनी आकडी कपाटात ठेवून त्या अनवाणीच मैदान ओलांडून कर्नलच्या खोलीत गेल्या. तिथे पाहुण्या तुकडीचा मेजरही बसला होता, रापलेला, भुवईवर जुना व्रण असलेला माणूस, शेजारी दुभाष्या.

"साहेब, एक आकडी कमी आहे."

कर्नलने घड्याळाकडे पाहिले, मग बाईंच्या पायांकडे. "कोणाची?"

"माझी."

"किती उघडाव्या लागतील?"

"सगळ्या."

आवाज चढेल, टेबलावर मूठ आपटेल, असे बाईंना वाटत होते. कर्नलने फोन उचलला. "उडी आज नाही. उद्या सकाळी सात. कारण? कारण घंटा वाजलेली नाही." आणि फोन ठेवून एवढेच म्हणाले, "तुम्ही चालत येऊन सांगितलंत. बाकी सगळं दुरुस्त होतं, बाई."

दुभाष्या मेजरच्या कानात बोलत होता. मेजर उठला आणि बाहेर गेला. बाईंना वाटले, आता हा आपल्या माणसांना सांगणार: यांच्या कापडावर आपण उडी मारायची नाही.

त्या परत घडीघरात पोचल्या तेव्हा दाराबाहेरच्या फळीवर जागा उरली नव्हती. बुटांच्या जोड्या पायरीवर, कठड्यावर, गवतात, दोन वेगवेगळ्या रंगांच्या. आत चौसष्ट माणसे मोज्यांनिशी भिंतीला टेकून उभी होती आणि मेजर स्वतः बाह्या दुमडत होता.

"ते विचारतात," दुभाष्या म्हणाला, "दोऱ्या धरायला माणसं हवीत का?"

मोठ्या बाईंची नजर आपल्याच तुकडीतल्या एका उंच जवानावर पडली. त्याला सगळे 'शिडी' म्हणत. "शिडी, तुझ्या मोज्याला भोक आहे. अंगठा कापडाला लावशील तर याद राख."

दुभाष्याने तेही भाषांतरित केले. पाहुण्यांमध्ये हशा पिकला, आणि तिघांनी चोरून आपापले अंगठे तपासले.

मग घड्या मोडण्याचे काम सुरू झाले. पिशवी उघडायची, दोऱ्या सोडवायच्या, कापड टेबलभर पसरायचे. दोन्ही बाजूंनी माणसे उभी, एका बाजूला एक भाषा, दुसऱ्या बाजूला दुसरी. ज्यांचे हात दगड फोडतील असे, ते त्या झिरझिरीत कापडाच्या कडा चिमटीत धरून होते, जणू झोपलेल्या बाळाचे पांघरूण. कोणी घाई केली नाही. कोणी घड्याळ बघितले नाही. शौर्य म्हणजे विमानाच्या दारातून उडी, असे लोक समजतात. मोठ्या बाईंना त्या दुपारी ते या शांततेत दिसले, स्वतःचा जीव ज्यावर टांगायचा ती गोष्ट रागावाचून पुन्हा पहिल्यापासून उलगडू देण्याच्या या संयमात.

दहा झाल्या. तीस झाल्या. पन्नास.

त्रेपन्न क्रमांकाची पिशवी आली; ती सुनेने उघडली. दोऱ्यांचे चौथे वळण बाजूला केले आणि तिचे हात थांबले. रबराच्या कड्याखाली, कापडाच्या निरीत, निळ्या दोऱ्याची मूठ निवांत पडली होती.

मेजरने पुढे येऊन पिशवीवरचा कागद वाचला. घडी घालणारीच्या रकान्यात सुनेची सही होती. सगळ्यांच्या नजरा तिच्याकडे वळल्या, आणि तिचा चेहरा कापडासारखाच फिका पडला.

मोठ्या बाईंना त्याच क्षणी सगळे आठवले. सकाळी त्या तपासायला वाकल्या होत्या. सून रबरी कडी आणायला गेली होती. चौथे वळण केसभर सैल वाटले. सैल नव्हतेच, सुनेचे होते, एवढेच. बोटांनी खिशातून आकडी काढली आणि ते ओढून सारखे केले, घरी चादर करत तसे. तेवढ्यात पाहुणे घडीघर बघायला दारात आले. त्यांनी आकडी क्षणभर कापडाच्या निरीत ठेवली, सलामीला वळल्या, सही केली आणि पाहुण्यांना घेऊन पुढे गेल्या. सून परतली, सही बघितली आणि विश्वासाने पिशवी मिटली.

"दुभाषेबुवा," त्या म्हणाल्या, "नीट सांगा, एक शब्द गाळू नका. घडी हिची बरोबर होती. तपासताना हात मी घातला. नियम माझा, मोडलाही मीच."

दुभाष्या बोलत असताना त्यांनी सुनेकडे पाहिले. सुनेचे डोळे भरले होते. पण ती रडत नव्हती, आकडीकडे एकटक बघत होती.

"वळण सैल होतं का, बाई?" तिने विचारले.

"नव्हतं."

"मग?"

"मग काय. भाजीसुद्धा चांगलीच असते तुझी."

सून एकदम हसली, आणि हसताहसता तिने बाहीने डोळे पुसले.

नियमाप्रमाणे उरलेल्याही अकरा उघडल्या. मग चौसष्ट घड्या नव्याने घातल्या गेल्या. प्रमुखांची चूक झाल्यामुळे त्या दिवशीची तपासणी दुसऱ्या कोणीतरी करायला हवी होती. मोठ्या बाईंनी तपासणीचे पुस्तक सुनेच्या हातात दिले, आपण तिच्या जागी उभ्या राहून घड्या घालू लागल्या, आणि एकेक झाली की बाजूला सरकून वाट बघू लागल्या. सून हात पाठीमागे बांधून वाकायची. सातव्या घडीला ती थांबली.

"तिसऱ्या वळणात पीळ आहे, बाई. उलगडा."

साऱ्या खोलीने कान टवकारले. बाईंनी निरखून पाहिले. पीळ होता, सुताएवढा. त्यांनी ती घडी उलगडली आणि पुन्हा घातली. सुनेने हात सोडले नाहीत.

दिवेलागणीला फळी भरली. घंटा वाजली.

सकाळी पावणेसातला पॅराशूट वाटताना मेजर टेबलापाशी आला आणि दुभाष्याची वाट न बघता त्याने बोटांनी आकडा दाखवला. आधी पाच बोटे, मग तीन.

"त्रेपन्न?" सून म्हणाली.

त्याने मान हलवली, पिशवी पाठीवर चढवली आणि पट्ट्यांकडे एकदाही न बघता विमानाकडे चालू लागला. त्याच्या मागे त्याचे उरलेले एकतीसही.

मोठ्या बाई गवतात उभ्या होत्या. विमान खूप उंच होते, जवळजवळ निःशब्द. मग निळ्यात ठिपके सुटू लागले, आणि प्रत्येक ठिपका एका लांब, असह्य क्षणासाठी दगडासारखा पडत राहिला. बाईंची बोटे शिवशिवली, पुढे सरली. त्यांनी दोन्ही हात पाठीमागे नेले आणि एकमेकांत घट्ट बांधले.

"एक," शेजारी सून मोजू लागली. "दोन. तीन. चार..."

एकेक हिरवी घडी आभाळात उमलत गेली. "त्रेसष्ट," सून म्हणाली, आणि थांबली, आणि मग सावकाश म्हणाली, "चौसष्ट. झाल्या, आई."

मोठ्या बाईंनी हात सोडले नाहीत. शेवटचे पाऊल जमिनीला लागेपर्यंत त्या तशाच बघत उभ्या राहिल्या.