लॉइडने धरलेला होकार

"काय रे, प्रार्थना चाललीय की झोपलायस?" हॉस्पिटलच्या खोलीच्या दारातूनच लॉइड म्हणाला आणि स्वतःच हसला.

माझ्या नवऱ्याची, डेल्मरची, हनुवटी दोन जाड टाक्यांनी छातीला शिवलेली होती. श्वासनळीचा आवळलेला तुकडा कापून दोन टोकं जोडली होती. मान वर गेली तर जोड तुटेल, म्हणून आठवडाभर हे असं. बोलायलाही बंदी. हे सगळं मी लॉइडला फोनवर सांगितलं होतं. पण माझा हा दीर कानात बोळे घालूनच जन्मलेला.

हिवाळ्यात न्यूमोनियात डेल्मरच्या घशात नळी घालून त्याला मशीनवर ठेवलं होतं. त्यातून वाचला, पण नळी रुतली होती तिथली जखम भरताना श्वासनळीच आवळत गेली. घरी आला तो छातीत शिट्टी घेऊनच. गावच्या डॉक्टरने दमा म्हणून तोंडात मारायचे फवारे दिले. ओमाहा शहरातल्या डॉक्टरांनी आत फुगा फुगवून नळी रुंद केली, ती पुन्हा मिटली. उरलं ऑपरेशन. डेल्मरने सर्जनला एवढंच विचारलं, "लिलाव पुकारता येईल ना?"

आमच्या गुरांच्या लिलावघरात तो उंच कट्ट्यावर माईक घेऊन बसायचा आणि मधे दम न घेता पुकारत राहायचा. लिलावघर दोघा भावांचं, पण लोक यायचे डेल्मरला ऐकायला. लॉइडला ते कायम खुपायचं.

"तीन महिन्यांत पुकारायला लागेल, सर्जन म्हणालेत," मी म्हणाले.

"तोवर गुरं उपाशी ठेवू का, आर्डिस?" लॉइड खुर्ची ओढून बसला. "डेल्मर, गुरुवारपासून माझा जावई केंट बसेल कट्ट्यावर. आणि कायमचा बसेल. कबूल?"

थांब म्हणायला डेल्मरने हात उचलला.

"मान खाली, हातही वर!" लॉइड उठलाच. "झाला सौदा."

आमच्याकडे गिऱ्हाईक तोंडाने बोलत नाही. मान खाली झाली किंवा हात उचलला की बोली लागली, आणि लागलेली बोली मागे घेता येत नाही. पण म्हणून हे?

"अरे, शिवलीय ती मान!" मी ओरडले. "टाके दिसत नाहीत तुला?"

"मला मान दिसली," म्हणाला आणि गेला. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारा माणूस. पाण्याचा जग त्याच्या पाठीत घालायला हवा होता.

टाके निघाले त्या दिवशी डेल्मर श्वास घेत होता आणि मला काही ऐकू येत नव्हतं. कित्येक महिन्यांनी ती शिट्टी थांबली होती. मी रडले. मग गाडीत बसल्यावर म्हणाले, "आज गुरुवार आहे. सरळ लिलावघरात जाऊ. सगळ्यांसमोर खोटा पाड त्याला."

"नको." आवाज घोगरा होता, पण त्याचाच. "बोली लागल्यावर कुणी म्हणायचं शिंक आली, कुणी म्हणायचं माशी हाकलली. मी एकाला तरी सोडलं का?"

"ती मान तुझी नव्हती, सर्जनची होती!"

"लोकांच्या सबबी उडवल्या. आता स्वतःची चालवू?"

"लॉइड असा विचार करतो का कधी? मूर्ख आहेस तू!"

"असेन."

मी संतापाने गाडी हाकत राहिले. लिलावघर आलं. बाहेर ट्रकांची रांग होती, आणि भोंग्यातून केंटचा पुकारा रस्त्यापर्यंत येत होता. आकडा, आकडा, मग माईकवर धापा टाकल्याचा आवाज, मग पुन्हा आकडा.

मी गाडी हळू केली. डेल्मरने मान वळवली नाही. डॉक्टरांनी अजून ती सैल सोडू दिली नव्हती.

"मधेच दम घेतोय गाढव," तो म्हणाला. आणि मग, "चल, आर्डिस."