निळ्या काठाचा कप

सिक्स्टन लोवेनच्या प्रत्येक रिळाची सुरुवात कॉफीच्या कपाने व्हायची. खिडकीत ठेवलेला पांढरा, निळ्या काठाचा कप. दोन सेकंद फक्त तो, आणि मग कलाकार.

"या माणसाला कॉफीशिवाय कॅमेरासुद्धा चालवता येत नाही," असं म्हणत आमचे फोरमन क्विस्ट तो तुकडा कापून टोपलीत टाकायचे. लॅबमधले सगळे हसायचे. मीही.

१९५१ चा फेब्रुवारी होता. रसायनशास्त्राची पदवी घेऊन मी स्टॉकहोमच्या त्या चित्रपटांची फिल्म धुऊन छापणाऱ्या लॅबमध्ये लागले होते. काम निगेटिव्हची घनता, म्हणजे ती किती गडद उतरली आहे, ते मोजण्याचं. लोवेन बारा वर्षं इतरांच्या हाताखाली राबून पहिल्यांदाच मुख्य कॅमेरामन झाला होता. उत्तरेला, येम्टलांडच्या बर्फात, एका शेतघरात त्याचं शूटिंग चाललं होतं.

बुधवारी त्याच्या स्वयंपाकघरातल्या प्रसंगाची प्रिंट पाहून निर्माते ग्राहन भडकले. चित्रपटातल्या आईचा चेहरा राखाडी, कोपरे धुरकट, सगळं पाणी घातलेल्या दुधासारखं.

"शुक्रवारी दोन वाजता पुन्हा बघतो," ते म्हणाले. "असंच दिसलं तर सोमवारी दुसरा कॅमेरामन पाठवतो."

क्विस्टनी खांदे उडवले. निगेटिव्ह पातळ होती, म्हणजे तिच्यावर प्रकाश कमी पडला होता. छपाईचा दिवा जितका मंद, तितकं चित्र उजळ; अशा वेळी तो मंद करून चेहरा उजळायचा, हा लॅबचा नियम. तो त्यांनी पाळला होता.

मला एक गोष्ट खटकत होती. प्रकाशाचा अंदाज चुकणारा माणूस रोज वेगवेगळा चुकतो. मी टोपली उपसली. कपाचे अकरा तुकडे सापडले. एकेक मोजला. कधी ढग, कधी ऊन, कधी हिमवृष्टी, पण कपाची घनता अकराही वेळा जवळजवळ तीच.

"मास्तर, हे चुकून होत नाही," मी म्हणाले. "कप ही त्याची मोजपट्टी आहे. कप नेमका पांढरा येईल, कोरा होणार नाही, असं छापायचं."

"आणि चेहरा?"

"जिथे पडेल तिथे. अंधार त्याला हवाच असेल."

"युनिव्हर्सिटीबाई, चेहरा काळा आला तर ग्राहन आपल्या दोघांना रस्त्यावर काढतील."

"एकच प्रसंग. माझ्या नावावर."

क्विस्टनी एक तुकडा उजेडासमोर धरून कप पाहिला. मग मशीनचा दिवा स्वतःच वाढवला. "नाव माझं घाल. माझी पेन्शन पक्की आहे, तुझी नाही."

शुक्रवारी लोवेन रात्रभराचा प्रवास करून आला आणि शेवटच्या रांगेत, टोपी मांडीवर ठेवून बसला. पडद्यावर स्वयंपाकघर उमटलं. कोपरे आता खरोखरच काळे होते. आईची नुसती आकृती, हातात मुलाचं न उघडलेलं पत्र.

"चेहरा कुठाय?" ग्राहन गुरगुरले.

आईने पत्र फोडलं आणि वाचण्यासाठी ती खिडकीकडे झुकली. बर्फावरून आलेला उजेड तिच्या अर्ध्या गालावर पडला. ग्राहनही खुर्चीत पुढे झुकले.

दिवे लागल्यावर सेक्रेटरीने विचारलं, "मग दुसऱ्या कॅमेरामनला कळवू?"

"कशाला? याला आणखी फिल्म पाठवा."

बाहेर क्विस्टनी लोवेनला गाठलं. "अहो, कपाबद्दल एक ओळ लिहायला काय झालं होतं?"

लोवेन कानापर्यंत लाल झाला. "एवढी मोठी लॅब तुमची. मी काय शिकवणार? म्हटलं, कप बघितला की कळेलच."

"आम्हाला वाटलं, तुम्ही कॉफीचे दिवाने!"

"तोही आहेच," लोवेन म्हणाला. "पण हे शोधलं कोणी?"

क्विस्टनी माझ्याकडे बोट दाखवलं. लोवेनने टोपी काढून मान लववली आणि गाडी पकडायला निघून गेला.

पुढचं रीळ गुरुवारी आलं. क्विस्टनी कात्री उचलली आणि खाली ठेवली.

"ये, बघ. दुसरा तुझा दिसतोय."

खिडकीत दोन कप होते. दुसऱ्यातून वाफ येत होती.