मुकी पाकळी

"बाळाक तोंडान इचार गो, वनू. रोज इचार. रगताफुडे पाकळी मुकी आसता."

आईने हे सांगितलं तेव्हा तिचा हात वनमालाच्या हातात होता, आणि आवाज इतका खाली की पडवीत निजलेल्या धाकट्या भावाला, बाळाला, ऐकू जाऊ नये. वनमाला 'होय' म्हणाली. दिवस उजाडायच्या आत आई गेली.

ही माणसं खाडीपलीकडच्या एका वाडीतली. आसपासची गावं त्यांना भूकजाणे म्हणत. त्यांच्या गळ्याच्या खळगीत चिंचोक्याएवढी मऊ पाकळी असे. जवळ कुणी उपाशी असलं की ती टोचू लागे, त्याचं पोट भरलं की निवे. देवासाठी धरलेल्या उपासाला ती टोचत नसे. ती भूक देवाने घेतलेली. आणि स्वतःच्या रक्ताच्या माणसाची भूक तिला कळतच नसे. म्हणून वाडीची रीत होती: परक्याला न विचारता वाढायचं, घरच्याला रोज विचारायचं. मागायचं मात्र कुणीच नाही. भूकजाण्याने तोंडाने अन्न मागणं म्हणजे समोरच्याला जिवंतपणी मेलेला म्हणणं.

लग्न होऊन वनमाला घाटकोपरला आली. नवरा लवकर गेला, तेव्हा तिने राहत्या दोन खोल्यांत खानावळ काढली. तिची खानावळ लौकरच नावाजली. तिथे कुणाला 'वाढा' म्हणावं लागत नसे. हाफिसातून आलेला माणूस पाटावर बसतो न बसतो तोच त्याच्या भुकेच्या मापाचा भात पानात पडे.

"बाई, आमच्या पोटात दिवा लावून बघता की काय?" विद्याधर नावाचा कारकून रोज विचारी.

"तुमच्या पोटात दिवा लावायला जागा कुठाय? जेवा."

सोमवार, एकादशी, चातुर्मासात एकभुक्त, हे तर होतंच. शिवाय बारमाही एक नेम होता: पंगतीतली शेवटची टोच निवेपर्यंत तोंडात पाणी घ्यायचं नाही. लोक तिला अन्नपूर्णा म्हणत. ती नको नको म्हणे, पण ते ऐकायला दारात थोडी जास्तच थांबे.

बाळा भांडुपला राहायचा, बायको सुगंधा आणि मुलगी माणिक यांच्यासह. सुगंधा भूकजाण्यांतली नव्हती. बाळा कामाला जाई त्या कारखान्याच्या फाटकाशी रोज कामाच्या आशेने उपाशी माणसं उभी असत. त्यांच्यातून आत जाताना बाळाची पाकळी पेटायची. शेवटी त्याने एका लोहाराकडून तापल्या सळईने ती डागून घेतली. गळ्याला फडकं बांधून तो ताईकडे आला, तेव्हा वनमाला कडाडली.

"आईची खूण जाळलीस, मेल्या?"

"ताई, तुला टोचलं तर तुझ्यापाशी भाताचं तपेलं असतं. माझ्यापाशी काय असतं गं?"

त्या दिवसापासून तिने त्याला विचारणं सोडलं. ज्याला दुसऱ्याची भूक नको झाली, त्याची भूक मी का विचारायची?

तो मात्र दर रविवारी येत राहिला. दाराजवळच्या बाकावर बसे. ती कपभर चहा त्याच्या हातात देई आणि पंगतीकडे वळे. त्याच्याकडे बघून गळ्याशी काही हलत नसे. हलणार नाही हे तिला ठाऊक होतं. पण इतकी वर्षं जिथे टोच नाही तिथे भूक नाही, याची तिला सवय जडली होती. भरल्या पोटी येऊन बसतो, असं ती मनाशी म्हणे.

एका रविवारी जिन्याखालच्या हमालाची भूक टोचू लागली, म्हणून तिने ताट भरलं आणि बाळाच्या गुडघ्याला पदर घासत ते बाहेर नेलं. परत आली तर तो म्हणाला, "आमटीला आईच्या हातच्यासारखा वास येतो गं."

"हं," वनमाला म्हणाली, आणि तपेलं घासायला टाकलं.

नंतरचे रविवार तो आला नाही. ती वाट बघायची, पण निरोप धाडला नाही.

मग एका दुपारी पंगत चालू असताना तिच्या गळ्यात असं काही घुसलं की हातातला डाव खाली पडला. जिन्यावरून सुगंधा येत होती. पांढरं कपाळ, मोकळा गळा.

"तापानं गेले," सुगंधा उभ्या उभ्याच म्हणाली. "अंगात तापाशी भांडायला काही उरलंच नव्हतं."

"काही उरलं नव्हतं म्हणजे?"

"दिवाळीपासून काम नव्हतं, ताई. घरातलं माझ्या आणि माणिकच्या पानात सारायचे. मी ओरडले की म्हणायचे, मी ताईकडे जेवून येतो, तिच्याकडे कुणी उपाशी उठत नाही."

पाटावर विद्याधरचा घास हातातच राहिला होता.

"तुमची पाकळी अख्ख्या घाटकोपराला पुरते म्हणतात," सुगंधा म्हणाली. "आमच्या घरात मात्र तुमच्याच रक्ताची माणसं होती ना."

वनमालाने तिला पाट मांडला. ती बसली नाही.

"मला नको. मी सांगायला आले होते."

ती जिना उतरून गेली, आणि टोच दूर दूर जात राहिली. त्या दिवशी वनमालाचा नेम मोडला नाही. तिला पाणी गेलंच नाही.

बाळाचे दिवस उरकले. त्यानंतरच्या सकाळी तिने देवापुढे दिवा लावला, पण डोळे मिटून बसली नाही. भाकऱ्या थापल्या, आमटी डब्यात ओतली, पदर गळ्याशी आवळून घेतला.

"बाई, एवढ्या सकाळी कुठं?" विद्याधरने दारात विचारलं.

"भांडुपला. माझ्या भाचीकडे. पंगतीच्या वेळेला येईन."

"आज काही विशेष?"

"नाही. आता रोजच."

माणिक तिच्याच रक्ताची. तिच्यासमोर पाकळी गप्पच राहणार. सुगंधा दार उघडील की नाही, तेही माहीत नव्हतं. वनमाला जिना उतरता उतरता एकच शब्द तोंडात घोळवत होती. बऱ्याच दिवसांत न उच्चारलेला तो शब्द जिभेवर नीट बसेना. "जेवलंस? जेवलंस गो?" ती पुटपुटली, आणि डबा सावरत चालू लागली.