शिवराम गार्डांचा हिरवा झेंडा

अतुल तायडे भित्रा होता, पण पद्धतशीर भित्रा. ओमानात आल्यापासून त्याने कधी सिग्नल तोडला नव्हता, साहेबाच्या विनोदावर हसायचं राहिलं नव्हतं, आणि साइटचा साधा फोटो बायकोलासुद्धा पाठवला नव्हता. असा माणूस एका शुक्रवारी, सोहारच्या पलीकडे, स्वतःच्याच कंपनीच्या नव्या लोहमार्गावर विनापरवानगी कॅमेरा घेऊन आला, याचं खापर त्याने मनातल्या मनात तृप्तीवर फोडून ठेवलं होतं.

तृप्ती मस्कतच्या अल खौद भागातली. विदर्भातल्या बंद पडलेल्या एका छोट्या रेल्वेवर आणि तिच्या कामगारांवर फिल्म करत होती. रूळ गंजलेले, माणसं एकेक करून जात चाललेली. त्यातला एक गार्ड, म्हणजे अतुलचे वडील शिवराम, व्हिजिट व्हिसावर मस्कतजवळच्या अल अमेरातमध्ये मुलाकडे येऊन टीव्ही बघतायत हे कळल्यावर ती कशाला दार सोडते!

"काका, लाल झेंडा पण उघडा ना. फ्रेममध्ये मस्त दिसेल."

"नाही पोरी," शिवराम म्हणाले. "लाल खोटा नाही दाखवत. हिरवा पाहिजे तेवढा घे."

पिशवीत दोन्ही झेंडे होते. नोकरी सुटली, गाडी सुटली, झेंडे तेवढे सुटले नव्हते. रंग हवा म्हणून तृप्तीने अतुलच्या डिकीतलं नारिंगी सेफ्टी जाकीटही त्यांच्या अंगावर चढवलं होतं.

"बाबा, पाच मिनिटं. मग खलास," अतुल म्हणाला. त्याची नजर धुळीच्या रस्त्यावर होती.

"भ्यून काय राह्यला बे? चोरी करून राह्यलो का आपण?"

चोरी परवडली, असं अतुलला वाटलं.

जवळच डंपरना रूळ ओलांडण्यासाठी कच्चं फाटक होतं. तिथला झेंडेवाला पाणी प्यायला गेला होता. एक डंपर येऊन थांबला. ड्रायव्हरने इकडेतिकडे पाहिलं. नारिंगी जाकीट दिसलं, हातात झेंडा दिसला. त्याने दोनदा हॉर्न दिला.

आणि शिवरामांचा हात आपोआप वर गेला.

जन्मभर इंजिनाने शिट्टी द्यावी आणि गार्डाने डब्यातून हिरवा हलवून जबाब द्यावा, हेच त्या हाताला ठाऊक. हाताने डोक्याला विचारलंच नाही. डंपर रुळांवर चढला.

त्याच वेळी टेकडीच्या वळणामागून खडीचे डबे ढकलत इंजिन निघालं.

ड्रायव्हर इंजिन बघून गोठला. डंपर रुळांवर आडवा. शिवराम मात्र पळत सुटले, इंजिनाच्या दिशेने, थेट रुळांवरून. पळता पळता पिशवीतला लाल झेंडा काढून, दातांनी त्याची दोरी तोडून त्यांनी तो उघडला. "बाबा, बाजूला व्हा!" अतुल ओरडला. चाकं किंचाळली. डबे एकमेकांवर आदळले. गाडी थांबली तेव्हा पहिला डबा शिवरामांच्या छातीला जवळजवळ टेकला होता.

धुळीच्या रस्त्यावरून आलेल्या पिकअपमधून सेफ्टी ऑफिसर उतरला. त्याने इंग्रजीत विचारलं, "डंपरला फाटकातून कुणी सोडलं?"

"हिरवा मी दाखवला," शिवराम धापा टाकत म्हणाले. "चूक माझी झाली साहेब."

"काय म्हणतायत हे?" ऑफिसरने अतुलला विचारलं.

अतुल इंग्रजीत घाईघाईने म्हणाला, "म्हणतायत की डंपर आपला आपण आत शिरला. त्यांनी लाल दाखवून गाडी थांबवली."

तृप्तीने कॅमेरा खाली घेतला.

ऑफिसरने गॉगल काढला. जाकिटावरचं नाव वाचलं. मग शुद्ध मराठीत म्हणाला, "तायडे साहेब, मी नबील. दापोलीचा. वडील काय म्हणाले ते मला कळलं. तुम्ही काय म्हणालात तेवढं कळलं नाही."

शिवराम मुलाकडे बघत होते. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, पण मुलाचा चेहरा वाचता येत होता.

"तुमचं खरं धरलं," नबील म्हणाला, "तर सगळं वजीराच्या अंगावर. तो बघा."

वजीरा, डंपरचा ड्रायव्हर, चाकाला टेकून जमिनीवर बसला होता. श्रीलंकेतला काटकुळा माणूस. पाण्याची बाटली तोंडाशी नेत होता आणि पाणी शर्टावर सांडत होतं.

"आजच नोकरी जाऊन घरी जाईल तो. ठरवा लवकर. यल्ला, चला."

अतुलने सगळं एका झटक्यात मांडून पाहिलं. मुलीची शाळा, घर, गाडी, बाबांच्या व्हिसावर त्याचीच सही. एका बाजूला हे, दुसऱ्या बाजूला एक अनोळखी ड्रायव्हर. सौदा उघड होता. तरी खोटं पुढे रेटवेना, कारण बाबांच्या हातात अजून लाल झेंडा होता.

"बाबांना मी आणलं," तो म्हणाला. "जाकीट माझं. परवानगी नव्हती. वजीराला हिरवा दिसला म्हणून तो आला."

"हेच प्रोजेक्ट मॅनेजरला सांगा." नबीलने नंबर लावून फोन पुढे केला. "मी सांगितलं तर चुगली होईल. तुम्ही सांगा."

रिंग वाजत राहिली. कुणी उचलू नये, अशी त्याने मनोमन प्रार्थना केली. कुणीतरी उचलला.

"सर, अतुल तायडे बोलतोय," तो म्हणाला. "साइटवरूनच."