जपान्याची जागा

"आत पाय नको! विटांच्या बाहेरून!"

माझ्या कमरेवर ओल्या कपड्यांची बादली, तोंडात चिमटे, आणि खिडकीतून आमचे हे ओरडतायत. तोंडात चिमटे नसते तर असं सुनावलं असतं की बस.

अंगणाच्या ऐन मध्यावर ह्यांनी विटांचा भला मोठा गोल मांडला होता. आत एखादी मोटार आरामात उभी राहिली असती. आणि त्यात होतं काय, तर गुडघ्याएवढं रोप. जपानी छत्री-पाइन. फांदीच्या टोकाला लांब, सुईसारखी पानं चहूबाजूंनी पसरलेली, थेट छत्रीच्या काड्या. दिसायला देखणं, नाही कोण म्हणतंय? पण वाढेल तर शपथ. घरात सगळे त्याला नुसतं 'जपानी' म्हणायचे. गोल आणि भिंत ह्यांच्यामध्ये जो बोळ उरला होता, तीच आमची फाटकाकडे जायची वाट आणि तीच माझी कपडे वाळत घालायच्या दोरीकडे जायची. बादली घेऊन मी तिथून आडवी होऊन जायची.

ह्यांचं सगळं आयुष्य लिफ्ट दुरुस्त करण्यात गेलं. लोक खालून ओरडायचे, "अहो, अजून किती वेळ?" हे वरून म्हणायचे, "होतंय, होतंय." घाईघाईत उरकलेलं काम ह्यांच्या हातून मी पाहिलं नाही, आणि ह्यांनी हात लावलेली लिफ्ट पुन्हा अडकल्याचंही कधी कानावर आलं नाही. रिटायर झाल्यावर नर्सरीत गेले आणि हे ध्यान घेऊन आले. नर्सरीवाला बिचारा समजावत होता, "काका, ह्याला माणसाचं आयुष्य पुरत नाही. गुलाब न्या, यंदाच फुलं बघाल." ह्यांनी गुलाबाकडे ढुंकूनही बघितलं नाही.

"अहो, एवढ्याशा रोपाला एवढी जागा?" मी म्हटलं. "जरा कडेला लावा की."

"लिफ्टचा दोर कसा लावतात? भरलेल्या लिफ्टचा हिशेब धरून. रिकामी काय, सुतळीनंही वर जाईल."

"बरं मग?"

"मग हे झाड भरेल तेव्हा केवढं होईल, तेवढी जागा आजच सोडायची. आणि आत चालायचं नाही. माती दबली की मुळं गुदमरतात."

मी हात टेकले.

पण माणसानं केलं मात्र मनापासून. मुळाशी वाळक्या पानांचा थर घालायचे, माती कधी सुकू दिली नाही. उन्हाळ्यात दुपारच्या उन्हाला जुनी चादर आडवी बांधायचे. एका वर्षी त्याला दोन शेंडे फुटले, तर हे कितीतरी दिवस नुसते बघत बसले. मग एक ठेवला, दुसरा कापला, आणि ठेवलेल्याला काठीचा आधार देऊन चादरीच्या पट्टीनं अलगद बांधलं. माझ्या पोराला इतक्या अलगद कधी अंघोळ घातली नसेल ह्यांनी.

दरवर्षी नवी पालवी आली की हाक यायची, "अगं, बाहेर ये! बोटभर वाढला!" मला काडीचाही फरक दिसायचा नाही. पण ह्यांच्या तोंडावरचा आनंद बघून म्हणायची, "हो हो, केवढा झाला!"

जपानी माझ्या खांद्याला लागला त्या वर्षी एका आजारपणात ह्यांचे पाय गेले. चाकाची खुर्ची आली. आणि ती त्या बोळात काही शिरेना.

चिरंजीव टेप घेऊन आले. "बाबा, झाड मागे हलवू. फाटकापर्यंत सरळ फरशी घालतो. रोज बाहेर पडाल, मित्रांत बसाल."

"हलवलं तर मरेल ते."

"आणि तुम्ही आत कुजाल त्याचं काय?"

"मग कुजतो."

पोरगं बापावरच गेलेलं. दोघंही हटेनात. हे दिवसभर खिडकीत बसून राहायचे. दाढी करायचं सोडलं. ताट समोर ठेवलं की "भूक नाही." ज्या माणसानं जन्मात जेवायला नाही म्हटलं नाही, तो! मला तर धडकीच भरली. असंच चाललं तर माणूस हातचा जाणार, हे मला दिसत होतं.

एक दिवस त्या बोळात माझं कोपर भिंतीला सडकून घासलं. "आई गं!" म्हणून थांबले, आणि विटांकडे बघत राहिले. विटेपासून फांदीपर्यंत सगळं मोकळंच होतं. तशीच बादली घेऊन खिडकीपुढे गेले.

"अहो, फांद्या ह्या विटांपर्यंत यायला किती वर्षं?"

ह्यांनी मनात हिशेब केला. "वीस-पंचवीस. जास्तच."

"तोवर तुम्ही असाल?"

"आई!" आतून चिरंजीव ओरडले. मलाही वाटलं, जीभ जरा जास्तच चालली. पण हे हसले. किती दिवसांनी हसले!

"नसेन गं. तूही नसशील."

"मग तोवर ती जागा रिकामीच ना? खुर्ची जाईल एवढ्या विटा आत घ्या की. जपानी कुठे मागतोय ती आज?"

हे खिडकीतून वाकून विटा न्याहाळायला लागले. मग मुलाला म्हणाले, "सिमेंट नाही लावायचं. विटा नुसत्या ठेवायच्या. आणि चाकाखाली रुंद फळ्या टाक, म्हणजे भार एका जागी येणार नाही. जागा उसनी घेतोय आपण. माझं काम झालं की ज्याची त्याला परत द्यायची."

दुसऱ्या दिवशी दाढी केली! खुर्चीत बसून हुकूम सोडत होते, "अजून आत. बास, बास! पान मोडशील!" त्या दिवसापासून रोज संध्याकाळी खुर्ची फळ्यांवरून फाटकाकडे जायची. वाटेत झाडापाशी थांबा ठरलेला. "इतकी वर्षं वरून बघत होतो," मला म्हणाले. "आता तो माझ्याकडे वरून बघतो." भारी खूश होते त्यावर. अशी काही वर्षं गेली, आणि चांगली गेली.

थंडी सरता सरता हे गेले.

महिन्याभरानं चिरंजीव म्हणाले, "आई, फळ्या राहू देत. तुला बादली घेऊन जायला बरं पडेल." खरंच बरं पडत होतं. आडवं व्हावं लागत नव्हतं. मी नुसतं "बघू" म्हटलं.

सकाळी कपडे धुऊन झाले आणि बादली पायरीवर ठेवली. फळ्या उचलल्या. खालची माती हातानं मोकळी केली. मग एकेक वीट मागे नेली, जुन्या जागेवर. चिरंजीव दारात येऊन उभे राहिले. शेवटच्या चार विटा त्यांनीच उचलून दिल्या.

कमरेवर हात ठेवून सरळ झाले तर समोर शेंडा. ताजी, पोपटी पालवी. बोटभर वाढला होता, आणि ह्या वेळी मला खरंच दिसलं.

"हो हो, केवढा झाला!" मी खिडकीकडे बघून म्हटलं. मग बादली उचलली आणि विटांच्या बाहेरून, आडवी होऊन, दोरीकडे गेले.