थंड रक्ताचा मासा

रविवारी दुपारची जेवणं झाली की आमच्या घरात रजत येतो. म्हणजे तो राहतो नॉर्वेत. येतो तो माझ्या बायकोच्या, हिमानीच्या फोनवर. डोक्यावर लोकरीची टोपी, मागे बर्फ. दोघं एमएस्सीला एका वर्गात होते. तो तिकडे माशांवर संशोधन करतो, हिमानी इथल्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते आणि माझं लकडगंजात कूलरचं दुकान आहे. मी काही मोठ्या मनाचा माणूस नाही. त्याला ती ‘अरे’ म्हणते आणि मला ‘अहो’, एवढंसुद्धा मला खुपतं.

या महिन्यात तर कहरच झाला. त्याच्या संस्थेत दोन वर्षांची जागा निघाली आणि ती हिमानीला मिळाली. सोमवारपर्यंत कळवायचं होतं.

“तुमचं मन नसन तर मी जात नाही,” ती मला म्हणाली होती.

माझं मन नव्हतंच. पण तसं तोंडावर म्हणायची हिंमत होत नव्हती, म्हणून मी निमित्त शोधत होतो.

त्या रविवारी बाहेर ऊन मी म्हणत होतं. रजत कॉड नावाच्या माशाबद्दल सांगत होता. समुद्र तापतो आहे, म्हणून कॉड उत्तरेकडे सरकतो आहे, वगैरे. हिमानी भान हरपून ऐकत होती. माझ्या नव्या कूलरचं कौतुक तिनं असं कधी ऐकलं नाही. मला राहवेना. मी मध्येच तोंड घातलं.

“कॉड थंड रक्ताचा ना गा? मंग त्याले गरमीचा त्रास काहून? त्याच्या तर अंगातच कूलर आहे!”

रजत खो खो हसला. “भाऊ, हे तर मी आता लेक्चरमध्ये सांगतो!”

तो हसला त्याचं काही नाही. हिमानीही हसली, आणि ती त्याच्याकडे बघून हसली. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

फोन ठेवल्यावर मी गुरगुरलो, “एवढं हसायले काय झालं?”

“अहो, थंड रक्ताचा म्हणजे रक्त थंड असते असं नाही,” ती माझ्याजवळ येऊन बसली. “त्याले स्वतःची गरमी नसते. पाणी जसं, तसं अंग. पाणी तापलं का शरीर जोरात चालते, ऑक्सिजन जास्त लागते. अन् गरम पाण्यात ऑक्सिजन विरघळतेच कमी.”

“म्हणजे गिऱ्हाईक वाढलं अन् माल संपला. मे महिन्यात कूलरच्या मोटरींचं होते तसं.”

“बरोब्बर!”

मी सुखावलो. रजतला हे सुचलं नसतं. आणि मला वाटलं, निमित्तही आयतंच सापडलं.

“मंग आपण पडलो गरमीतले मासे. बर्फात कसे जगणार आपण?”

ती या वेळी हसली नाही. म्हणाली, “गरम पाण्यात कॉड लगेच मरत नाही. जगते. पण सगळी ताकद श्वास घेण्यातच जाते. वाढ होत नाही, अंडी टिकत नाहीत. पाहणाऱ्याले वाटते, मस्त पोहून राहिला.” मग माझ्याकडे न बघताच ती म्हणाली, “मी किती वर्षांपासून तोच धडा शिकवून राहिली, माहीत आहे तुम्हाले?”

मला माहीत नव्हतं. मी कधी विचारलंच नव्हतं. रजतवर जळणं सोपं होतं, तो माणूस होता. पण हिला ओढ होती ती त्या समुद्राची, आणि समुद्राशी कोण भांडणार? हेवा काही गेला नाही. तरी मी म्हणालो, “कळवून टाक. येते म्हणून सांग.”

“खरंच?”

“खरंच म्हणतो ना.”

तिचे डोळे भरून आले. आता ही माझा हात हातात घेईल म्हणून मी सरसावून बसलो. तिनं फोन उचलला आणि ती बातमी सगळ्यात आधी रजतला सांगितली.